रोहिणीवरचा बाण

दिवसातून चार वेळा मी रात्र करते. सकाळी एक, दुपारी दोन आणि चौथी संध्याकाळी, बाहेर अजून उजेड असताना. तारांगणात बोलायची नोकरी आहे माझी. लोक म्हणतात, किती छान, रोज आकाश बघायला मिळतं. मिळतं ना! उलट्या कढईसारख्या छताखाली, कुबट वासाच्या गालिच्यावर, कुरकुरणाऱ्या खुर्च्यांच्या मधोमध उभं राहून रोज तेच आकाश. हिवाळ्यातल्या त्याच एका संध्याकाळचं. शाळेची पोरं खुर्च्या मागेपुढे करत बसतात, त्यांचे मास्तर दिवे मंद झाले की घोरायला लागतात आणि मी ध्रुवताऱ्यापासून सुरुवात करते. वाक्यं इतकी तोंडपाठ आहेत की बोलता बोलता मनातल्या मनात संध्याकाळची भाजी ठरवता येते.

माझ्या जोडीला दादा असतो. माझा सख्खा मोठा भाऊ. हॉलच्या मध्यभागी ते जुनं यंत्र आहे, दोन डोक्यांच्या मुंगळ्यासारखं, आणि त्याला लागून बटणांचं टेबल. टेबलामागे दादा. दिवे मंद करायचे, आकाश फिरवायचं आणि बाण दाखवायचा, हे त्याचं काम. बाण म्हणजे एक जड बॅटरी, तोंडाशी बाणाच्या आकाराची फट असलेली. बटण दाबलं की छतावर उजेडाचा बाण पडतो. मी "आणि आता" म्हणून श्वास घेते, तेवढ्यात बाण पुढच्या ताऱ्यावर जाऊन थांबलेला असतो. नाव मी मग घेते. हे आम्ही कधी ठरवलं नव्हतं. वर्षानुवर्षं एकत्र काम करून ते तसं होत गेलं.

नोकरीही मला त्यानेच लावून दिली. लहानपणी मी सतत त्याच्या मागे. शाळेत, मैदानावर, त्याच्या मित्रांच्या घरी, सगळीकडे. म्हणून घरात माझं नाव पडलं शेपूट. आता माझे केस पिकले, गुडघे बोलायला लागले, तरी त्याच्या तोंडी शेपूटच. माझ्या नवऱ्यासमोरही. नवरा हसतो, मी फणकारते आणि दादा साळसूदपणे चहा पीत बसतो.

यामुळेच असेल, पण एक तारा माझ्या डोक्यात जायचा. हिवाळ्याच्या आकाशात कृत्तिकांचा पुंजका दिसतो, चिमूटभर साखर सांडावी तसा. त्याच्या मागोमाग एक ठसठशीत तारा उगवतो. आपण त्याला रोहिणी म्हणतो. रोहिणी म्हणजे तांबडी, त्याच्या रंगावरून. अरबांनी त्याला नाव दिलं अल्दबरान. अल्दबरान म्हणजे मागून येणारा, कारण तो कृत्तिकांच्या मागून येतो. हे मी रोज चारदा सांगायचे आणि चारही वेळा मनात यायचं, हा काय न्याय झाला? आकाशातल्या मोजक्या तेजस्वी ताऱ्यांपैकी एक आणि नाव काय, तर दुसऱ्याच्या मागून चालणारा. त्या बिचाऱ्याला शेपूट म्हटल्यासारखंच झालं की.

एकदा दादापाशी हे बोललेही होते. तो म्हणाला, "अगं, मागून येणाऱ्याला वाट शोधावी लागत नाही. सुखी माणूस तो." मी म्हटलं, तू कधी कोणाच्या मागून गेलायस, तुला काय कळणार. त्यावर तो नुसता हसला.

आमचे साहेब नवीन. वयाने आमच्याहून पुष्कळ लहान, पण बोलायला नेमके. त्यांना नवं यंत्र आणायचं आहे. त्यात आवाज आधीच भरलेला असतो आणि बाणही आपोआप हलतो. मंजुरी रखडली म्हणून आम्ही दोघं टिकून होतो. साहेबांनी आम्हाला बोलावून स्पष्ट सांगितलं होतं, "तुम्ही चालवताय तोवर चालू दे. पण प्रेक्षकांकडून तक्रार यायला लागली तर मी थांबणार नाही. हॉल बंद करीन. ताई, तुम्हाला चौकशीच्या टेबलावर घेऊ आणि यांना तिकीट खिडकीत."

माझं काही नव्हतं. चौकशीच्या टेबलावर निदान बसून तरी बोलता येतं. पण वहिनी गेल्यापासून दादाला या हॉलशिवाय दुसरं काही उरलं नव्हतं. सुट्टीच्या दिवशीसुद्धा तो यंत्र पुसायला यायचा. त्याला खिडकीत बसवणं म्हणजे घराबाहेर काढण्यासारखंच होतं, आणि ते मला बघवलं नसतं.

तर एके दिवशी दुपारच्या खेळात माझ्या कृत्तिका सांगून झाल्या, मी "आणि आता" म्हटलं, बाण सरकला, थांबला. मी सवयीने बोलून गेले, "हा बघा, किती ठळक, तांबूस रंगाचा तारा." पोरांमध्ये कुजबुज. मग एक जण ओरडला, "तिथे काहीच नाहीये!" सगळा हॉल खिदळायला लागला. मी वर पाहिलं. खरंच तिथे काही नव्हतं. बाण अंधाराकडे बोट दाखवून शांतपणे उभा होता, जराही न हलता.

"कधीकधी ढग येतात," मी म्हटलं. तारांगणात ढग! घोरणारे मास्तरसुद्धा जागे होऊन हसले. मी कशीबशी पुढच्या ताऱ्यावर उडी मारली.

खेळ संपल्यावर मागच्या खोलीत आम्ही डबे उघडले. मी तापलेलीच होते.

"काय रे, झोप लागली होती का? रोहिणीचा दिवा गेलाय. सकाळी तपासले नव्हतेस?"

"तपासले की."

"मग दिसलं नाही तुला? आणि नव्हता तारा, तर बाण कशाला ठेवलास तिथे? हसं झालं माझं."

दादाने डब्याचं झाकण लावलं. पुन्हा उघडलं. पुन्हा लावलं. "शेपूट," तो म्हणाला, "मला कुठलाच तारा दिसत नाही गं."

मला आधी वाटलं, थट्टा करतोय.

"उजेडात ठीक आहे. तुझ्या डब्यातली मिरची पण दिसतेय. पण दिवे गेले की संपलं. काळा पडदा. डॉक्टरांना दाखवलंय. औषध नाही म्हणाले. पुढेमागे उजेडातसुद्धा कडेकडेनं कमी होत जाणार."

"कधीपासून?"

"झाली असतील दोनेक वर्षं."

"आणि बाण?"

"हाताला माहीत आहे. कोपर टेबलाच्या कडेला टेकवलं की कुठे किती वळायचं ते कळतं. आकाश रोज तेच, माणूस तोच. आणि तुझा आवाज असतो ना. तू कुठल्या वाक्यावर आहेस त्यावरून समजतं. तुझ्या मागून येतो मी." असं म्हणून तो हसला, पण ते हसू काही जमलं नाही.

मला वाईट वाटायला हवं होतं. पण आधी राग आला. शेवटचा खेळ लांबला की घरी जाताना तो माझ्या पिशवीचा पट्टा धरून चालायचा. मला वाटायचं, वहिनी गेल्यापासून मायाळू झालाय. अंधार पडल्यावर आमच्याकडे जेवायला येणं त्याने बंद केलं, तेव्हा मी त्याला माणूसघाणा म्हटलं होतं. इतकं सगळं डोळ्यांसमोर होतं, आणि मला म्हणे आकाशातलं कळतं.

"साहेबांना सांगून टाकावं म्हणतो," दादा म्हणाला. "तक्रार येण्याआधी आपणच—"

"साहेबांना एक अक्षर सांगायचं नाही. मी बघते."

"अगं, पण किती दिवस बघशील?"

"मी बघते म्हटलं ना!"

माझ्यापुढे त्याचं कधी चालत नाही. त्याला काय म्हणायचं होतं ते मी नीट ऐकूनही घेतलं नाही.

दुसऱ्या दिवशी दुरुस्तीवाला आला. त्याला सगळे पाना म्हणतात, कारण मागच्या खिशात कायम पाना खोचलेला. माणूस कष्टाळू, पण तोंड आणि हात एकाच वेळी चालवणार. आमच्या यंत्रात बारीक तारे एका मोठ्या दिव्यावर चालतात, पण ठळक ताऱ्यांना प्रत्येकी स्वतंत्र नळी असते. आत इवलासा दिवा, पुढे काच. पानाने रोहिणीच्या नळीत नवा दिवा बसवला. एवढ्यावर थांबेल तर तो पाना कसला. त्याने यंत्र उघडलं, तेल घातलं, पुसलं, परत जुळवलं आणि मला म्हणाला, "ताई, आतली काच केवढी कळकट झाली होती. घासून घासून लख्ख केली."

"बरं केलंस," मी म्हटलं. माझं लक्ष नव्हतं. मी छताकडे बघत होते. यंत्र परत बसवताना त्याने ते किंचित फिरवलं होतं आणि सगळं आकाश हातभर सरकलं होतं. माणसांना त्यात काही वावगं दिसलं नसतं. पण दादाच्या कोपराला माहीत असलेलं आकाश आता तिथे नव्हतं. पानाला पुन्हा फिरवायला सांगायचं तर का, ते सांगावं लागलं असतं. मी मूग गिळून बसले.

पुढच्या खेळापासून माझी दुहेरी नोकरी सुरू झाली. बाण ताऱ्याच्या शेजारी पडायचा आणि मी प्रेक्षकांशी बोलल्यासारखं करून दादाशी बोलायचे. "आता जरा डावीकडे बघा हं, अजून थोडं, आणि किंचित वर. बरोबर. तिथेच थांबा." बाण माझ्या आवाजामागून सरकत सरकत ताऱ्याला जाऊन टेकायचा. प्रेक्षकांना वाटायचं, बाई किती समजावून सांगतात. एका मास्तरांनी तर माझं कौतुकही केलं. आम्ही दोघं त्यांच्याकडे बघून हसलो.

पण जीव मेटाकुटीला आला. पूर्वी तोंड चालू आणि डोकं मोकळं असायचं. आता भाजी ठरवायची सोय राहिली नाही. सगळं ध्यान त्या बाणाच्या टोकावर. टोक कुठे आहे, कुठे जायला हवं, त्याला कुठल्या शब्दाने ढकलावं, चार खेळ हेच. घसा बसला. घरी नवरा म्हणाला, आवाज पार घोगरा झालाय, चार दिवस सुट्टी घे. सुट्टी घेऊन दादाला कोणाच्या हवाली करू? गरम पाण्याची बाटली आणि खडीसाखर घेऊन मी रोज उभी राहायचे. रात्री अंथरुणाला पाठ टेकली की डोळ्यांपुढे बाणच फिरायचा. सकाळी उठले की आदल्या दिवसाइतकीच दमलेली असायचे.

"झेपतंय का गं तुला?" दादा अधूनमधून विचारायचा.

"मला काय धाड भरलीय?"

"घसा अगदी गेलाय तुझा."

"बोलायचीच नोकरी आहे. घसा जाणार नाही तर काय गुडघा जाणार?" मी खेकसायचे. तो पुन्हा साहेबांचा विषय काढायच्या बेतात असला की मी उठून बाटली भरायला निघून जायचे. मला वाटायचं मी त्याला वाचवतेय. थोडं असंही होतं की तो गेला तर त्या हॉलमध्ये मी एकटी काय करणार, हा विचार मला सहन होत नव्हता. त्याच्या मागून आले होते मी तिथे.

हळूहळू मात्र बसायला लागलं. दादाचा हात नवं आकाश शिकत होता. एकेका ताऱ्यापाशी माझी सूचना कमी होत गेली. आधी ध्रुव जमला, मग मृगाचे तीन तारे, मग व्याध. रोहिणी तेवढी हुकायची, कारण ती छताच्या अशा भागात आली होती की दादाला मनगट अवघडून वळवावं लागे.

त्या दिवशी शेवटच्या खेळाला मुलींची शाळा होती. दिवे मंद व्हायच्या जरा आधी मागचं दार उघडलं आणि साहेब येऊन शेवटच्या रांगेत बसले. न सांगता. दादालाही ते दिसले, तेव्हा उजेड होता. आमची नजरानजर झाली. त्याने कोपर टेबलाला टेकवलं आणि दिवे मंद केले.

खेळ असा झाला की काय सांगू. बाण एकदाही अडखळला नाही. मी "आणि आता" म्हणायची खोटी, तो आपला जागेवर, अगदी पूर्वीसारखा. माझा आवाज फाटला होता, पण मनातून मी उड्या मारत होते. कृत्तिका झाल्या. "आणि आता," मी म्हटलं. बाण निघाला, छताच्या त्या अवघड कोपऱ्यात चढला आणि रोहिणीला टेकून थांबला. एका दमात. माझ्या शब्दाच्या आधाराशिवाय.

जीव भांड्यात पडला. मी मोकळेपणाने वाक्य सोडलं, "हिला आपण रोहिणी म्हणतो. रोहिणी म्हणजे तांबडी. बघा, किती सुंदर तांबूस रंग आहे."

"ताई," पुढच्या रांगेतून एक मुलगी म्हणाली. अगदी सभ्य आवाज. "पण हा तारा तर पांढरा आहे."

मी वर पाहिलं. इतक्या दिवसांत पहिल्यांदाच मी बाण सोडून तारा पाहिला. तो पांढरा होता. लख्ख, स्वच्छ, टोकदार पांढरा. आणि पाना मला काय म्हणाला होता ते तेव्हा कुठे डोक्यात शिरलं. ती काच कळकट नव्हतीच. तिला तांबडा रंग दिलेला होता, तो त्याने घासून काढला होता. रोहिणी कितीतरी दिवस पांढरी होती आणि मी रोज चारही वेळा तिच्याकडे तोंड करून तिला तांबडी म्हणत होते. ज्याला दिसत नव्हतं त्याला काय म्हणायचं? मला दिसत होतं.

माझी दातखीळ बसली. एक साधं वाक्य पुरलं असतं. काच बदलायची राहिली आहे, एवढं म्हटलं असतं तरी भागलं असतं. पण इतक्या दिवसांचा शीण एकदम अंगावर आला आणि मी नुसती बघत राहिले. हॉलमध्ये कुजबुज वाढली. "दुसराच तारा दाखवतायत," कोणीतरी म्हणालं.

दादाला दिसत नव्हतं. त्याला एवढंच कळलं होतं की बाण एका पांढऱ्या ताऱ्यावर आहे, आणि शेपूट गप्प झाली आहे. मी गप्प, म्हणजे तो चुकला. त्याने हात लांब करून माझ्या हातातला माईक चाचपत घेतला. इतक्या वर्षांत त्या हॉलमध्ये त्याचा आवाज कोणी ऐकला नव्हता.

"मुलींनो, यात ताईंची काही चूक नाही," तो म्हणाला. "बाण मी दाखवतो. मला अंधारात दिसत नाही. दोन वर्षं झाली. मी अंदाजाने दाखवत होतो, तो आज चुकला. माफ करा."

आणि त्याने दिवे लावले.

छत पांढरं झालं. तारे गेले, बाण गेला, कृत्तिकांची साखर गेली. मुली डोळे चोळत एकमेकींकडे बघत होत्या. त्यांच्या बाईंनी त्यांना घाईघाईने रांगेत उभं केलं, आणि ती सभ्य आवाजाची मुलगी कुठली होती हे मला कळेपर्यंत सगळ्या दाराबाहेर गेल्या. शेवटच्या रांगेतून साहेब उठले.

मी दादाचा हात धरला. "अरे, बाण बरोबर होता! अगदी रोहिणीवर होता. पानाने काचेचा रंग घासून काढलाय, म्हणून ती पांढरी दिसली. चूक माझी आहे. मी बघितलंच नाही."

दादा माझ्याकडे बघत होता. उजेडात त्याला माझा चेहरा नीट दिसत होता. त्याच्या डोळ्यांत राग नव्हता, म्हणूनच मला भीती वाटली.

"राहू दे गं," तो म्हणाला.

"अरे, खरंच सांगतेय!"

"इतके दिवस सांभाळून घेतलंस ते पुष्कळ झालं. आता तरी नको."

"तुझी शपथ, दादा. बाण तिथेच होता. असा तो कधीच—"

आवाज तिथेच फुटला. मी खाकरले, पाण्याचा घोट घेतला, पुन्हा तोंड उघडलं. घशातून नुसती हवा आली. मी छताकडे बोट दाखवलं, पण तिथे दाखवण्यासारखं काही नव्हतं. साहेब पायऱ्या उतरत आमच्याकडे येत होते.

"कळलं, कळलं गं मला," दादा म्हणाला आणि माझ्या पाठीवरून हात फिरवला. त्याला काहीच कळलं नव्हतं.